बियर कितलाले?

आमच्या कॉलनीतलं कुणीही चार दिवस बाहेरगावी जाऊन आलं, की त्याला नानांच्या दोन प्रश्नांची उत्तरं द्यावीच लागतात. प्रवास कसा झाला, तब्येत कशी आहे, मुलाकडे सगळं बरं आहे ना, असलं काही नाना विचारत नाहीत. माणूस रिक्षातून पिशव्या उतरवत असतो, तेवढ्यात नाना फाटकाशी येऊन उभे राहतात आणि म्हणतात, "तठे लढाईनं काही दखं का? आनि बियर कितलाले शे?"

तिथे लढाईचं काही पाहिलंत का, आणि बियर कितीला आहे? एवढंच. तिरुपतीहून डोकं भादरून आलेल्या माणसालाही हेच आणि गुडघ्याचं ऑपरेशन करून सुरतेहून परतलेल्या माणसालाही हेच. समोरच्या मावशी मुलीचं बाळंतपण उरकून पुण्याहून आल्या, तेव्हा नानांनी त्यांनाही सोडलं नाही. मावशी प्रवासाने शिणलेल्या होत्या. म्हणाल्या, "नाना, लढाई तं मन्ही आनि याहीननी झायी. बियरनं काही माहीत नही." मुलीच्या सासूशी झालेली ती लढाई नानांनी मनावर घेतली नाही. बियरची माहिती मिळाली नाही, याचं मात्र त्यांना वाईट वाटलेलं दिसलं.

यातली खरी गंमत पुढेच आहे. नानांनी जन्मात बियरला हात लावलेला नाही. चहासुद्धा ते अर्धा कप घेतात, आणि त्यातलाही घोटभर उरवतात.

नानांचं नाव सुपडू. त्यांच्या आधीची दोन भावंडं जगली नाहीत, म्हणून जन्मल्याबरोबर आईने त्यांना सुपात घालून देवापुढे ठेवलं आणि सुपाचंच नाव दिलं. खानदेशात असे सुपडू गावोगाव सापडतील. मूळ गाव रनाळे. नोकरी मोजणी खात्यात. साखळी आणि लाल-पांढऱ्या काठ्या घेऊन लोकांच्या बांधांवरून फिरण्यात सगळी हयात गेली. निवृत्त होऊन पुष्कळ वर्षं झाली, पण मोजणी काही सुटली नाही. फिरायला जातात ते पावलं मोजत. मी त्यांच्या शेजारी घर घेतलं, त्या पहिल्याच आठवड्यात ते सकाळी माझ्याकडे आले आणि मला म्हणाले, "सर, तुम्हनी भिंत नऊ इंच मन्हाकडे सरकेल शे."

घराचे हप्ते नुकते सुरू झाले होते. मी म्हणालो, "नाना, आता पाडायची का?"

"पाडानी काब्रं? ऱ्हाऊ द्या ना. फक्त माहीत पाह्यजे."

हा नानांचा स्वभाव. कुणाची हद्द कुठवर आहे ते कळलं पाहिजे. कळल्यावर भांडायची त्यांना मुळीच हौस नाही. एखादी गोष्ट ठरली की ते तळहातावर मूठ आपटून म्हणतात, "हद्द कायम!" त्यानंतर तो विषय बंद. मी ज्युनिअर कॉलेजात भूगोल शिकवतो, पण नकाशाच्या बाबतीत नानांपुढे तोंड उघडत नाही. एकदा उघडलं होतं. तेव्हा त्यांनी मला माझ्याच वर्गाच्या भिंतीवरचा नकाशा कुठे चुकलाय ते येऊन दाखवलं.

हे लढाई आणि बियरचं वेड त्यांच्या डोक्यात शिरलं, त्याला आता अकरा वर्षं झाली. सकाळी फिरायला जाणारे आम्ही सहा जण. परतताना टपरीवर चहा होतो. तिथे एक दिवस नानांनी खिशातून जुनी लग्नपत्रिका काढली. पत्रिकेच्या कोऱ्या बाजूवर पेन्सिलीने नकाशा काढलेला होता. नंदुरबार, नवापूर, पुढे सगळा गुजरात, आणि अगदी खाली सौराष्ट्राच्या टोकाला एक टिंब. टिंबाला गोल केलेला होता.

"दीव," नाना म्हणाले. "तीन रात, चार दिन. लढाई बी शे, बियर बी शे. बियर तठे आपला आठेपेक्षा निम्मा भावमा."

बियर म्हटल्यावर सगळे नकाशावर वाकले. नवापूर ओलांडलं की गुजरात लागतो आणि गुजरात म्हणजे कोरडा मुलूख, हे आमच्याकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. त्या कोरड्या मुलखाच्या पायथ्याशी असं स्वस्त, ओलं बेट बसलेलं आहे, या कल्पनेनेच दोघातिघांचे डोळे चमकले. लढाईचं कुणी विचारलंच नाही. मग नानांनीच सांगितलं. एकाहत्तरच्या लढाईत आपलं एक लढाऊ जहाज दीवजवळच्या समुद्रात बुडालं. पाणबुडीने बुडवलं. त्याचं स्मारक तिथे टेकाडावर आहे.

"पण नाना, दमण जवळ पडतं," पाडवी गुरुजी म्हणाले. "बियर तेथेही स्वस्तच आहे. शिवाय दमणमध्येही एकसष्ट साली सैनिकी कारवाई झालेली आहे."

पाडवी गुरुजी मोलगीच्या पुढच्या एका पाड्यावरचे. घरी भिलीत बोलतात आणि बाहेर पुस्तकातली मराठी. उभ्या जन्मात मराठी त्यांनी फक्त शाळेत वापरली, त्यामुळे आमच्या कंपूत सर्वांत शुद्ध मराठी त्यांचीच. बाकीचे 'शे' आणि 'व्हता' करत असताना ते 'तथापि' म्हणतात.

"ती जमीनवरनी लढाई," नाना म्हणाले. "माले पानीवरनी पाह्यजे."

पुढे एका वर्षी मी सुचवलं, की आता सुरतेजवळून गाड्या चढवून नेणारी मोठी बोट सुटते. आखात ओलांडून थेट पलीकडे. निम्मा दिवस वाचेल.

"बोट नको."

"अहो, पण उलट मजा येईल."

"बोट नको, सर. हद्द कायम!"

झालं. आखाताला वळसा घालून, बडोद्यावरून, भावनगरला मुक्काम करून जायचं ठरलं. लढाई पाण्यावरची हवी, पण बोट नको, यावर गुरुजी दोन दिवस विचार करत होते.

एकदा आम्ही दोघंच असताना मी नानांना छेडलं. न पिणाऱ्या माणसाने एवढा खटाटोप कशासाठी करायचा? नाना म्हणाले, "आम्हना गावना एक पोऱ्या व्हता त्या जहाजवर. मन्हा जोडीदार. तठे पाटीवर त्यानं नाव शे म्हनतस. ते दखनं शे."

"मग तसं सांगा की सगळ्यांना."

"इतिहासले कोनी येत नही भो," नाना म्हणाले. "बियरले येतस."

पण बियरलासुद्धा कुणी आलं नाही. दर हिवाळ्यात बेत ठरायचा आणि दर हिवाळ्यात मोडायचा. एका वर्षी कुणाच्या नातवाचं जावळ, दुसऱ्या वर्षी कुणाचा मोतीबिंदू. एका वर्षी तर नाना स्वतःच शेतातल्या मिरचीच्या तोडणीत अडकले. प्रत्येक वर्षी नवी लग्नपत्रिका आणि नवा नकाशा. जाऊन आलेल्या माणसांना विचारून विचारून नाना नकाशात सुधारणा करत राहिले. दीवच्या बंदर चौकापासून कोणतं दुकान किती पावलांवर आहे, हे दीव न बघितलेला माणूस मला तोंडपाठ सांगायचा.

मागच्या दिवाळीनंतर मात्र नाना एका सकाळी टपरीवर आले ते चहाला हात न लावताच बोलले. "यंदा जानं शे. यंदा नही तं कधीच नही."

कारण होतं जिजींचा गुडघा. जिजी म्हणजे नानांची बायको. सारी कॉलनी त्यांना जिजीच म्हणते. सत्तरी ओलांडलेली ठेंगणी बाई. बोलणं तोडून, पण हाताला चव. डॉक्टरांनी सांगितलं होतं, की गुडघे झिजलेत, वर्षभराने पायऱ्या चढणं बंद होणार. स्मारकाला पायऱ्या होत्या.

"म्हणजे जिजी पण येणार?" आमच्यातल्या एकाने विचारलं.

"येवाले पाह्यजे," नाना म्हणाले.

तिथेच तिघं गळाले. जिजींच्या देखत बियर प्यायची म्हणजे काय! एकाला लगेच लग्नाचं आमंत्रण आठवलं, एकाला बी.पी., आणि तिसऱ्याने कारणसुद्धा दिलं नाही. उरलो मी आणि गुरुजी. गुरुजींना काहीच अडचण नव्हती. ते म्हणाले, "आमच्याकडे स्त्री-पुरुष एकत्रच बसतात. लपवून पिण्याची पद्धत आम्ही तुम्हा लोकांकडूनच पाहिली."

आता प्रश्न होता तो जिजींचा. जिजींना कुठे जायची आवड नाही. माहेर म्हसावद, सासर रनाळे, संसार नंदुरबार, आणि या तिन्हींच्या पलीकडे त्यांना जगाशी कर्तव्य नव्हतं. नानांनी आधी समुद्राचं सांगून बघितलं. जिजी म्हणाल्या, "माले काय कराना समुद्र?" किल्ल्याचं सांगून बघितलं. जिजी म्हणाल्या, "गुडघा तुम्हना का मन्हा?" स्मारकाचं नाव नानांनी काढलंच नाही, हे मला तेव्हा विचित्र वाटलं. मग एका दुपारी मी त्यांच्या ओसरीवर बसलेलो असताना नाना घरातल्या दिशेने मोठ्याने म्हणाले, "सर, ठरनं. यंदा मी बी बियर पिसू. एक नही, दोन."

आतून भांडं आदळल्याचा आवाज आला. जिजी दारात आल्या. हात पिठाचे.

"ह्या वयमा? पेनारास्ना संगे जाईसन?" त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की मी चप्पल शोधू लागलो. "मी बी येसू. दखसू, कसं पेतस ते!"

नानांनी तळहातावर मूठ आपटली. पण 'हद्द कायम' तोंडातल्या तोंडात म्हणाले.

माझ्या गाडीतून निघालो. पुढे मी आणि गुरुजी, मागे नाना आणि जिजी. दोघांच्या मध्ये दादर ज्वारीच्या भाकरींचं गाठोडं, लाल मिरचीची चटणी आणि शेंगदाण्यांचा डबा. नवापूरच्या पुढे सरहद्दीवर गुजरातच्या पोलिसांनी गाडी थांबवून डिकी उघडायला लावली. महाराष्ट्राकडून येणाऱ्या गाडीत काय असतं, ते त्यांना माहीत असतं. पोलिसाने गाठोडं हुंगलं. जिजी खिडकीतून म्हणाल्या, "भाकर शे, भाऊ. खाशी का?" पोलिसाने एक भाकरी खरंच घेतली, वर चटणी मागून घेतली. तिथून पुढे दोन दिवस जिजींनी नानांवर करडी नजर ठेवली. ढाब्यावर नानांनी ताकाचा ग्लास तोंडाला लावला तरी त्या आधी वास घेऊन बघत.

दुसऱ्या दिवशी दुपार कलताना दीवला पोचलो. जिजींनी आयुष्यात पहिल्यांदा समुद्र बघितला. गाडीतून उतरून पदर सावरला, बराच वेळ बघत राहिल्या आणि म्हणाल्या, "येवढं पानी, आनि पेवाले नही!" आमच्या भागातल्या बाईला समुद्राविषयी पहिल्यांदा हेच सुचणार.

किनाऱ्यावर वाळूत प्लास्टिकच्या खुर्च्या मांडलेलं एक हॉटेल नानांच्या नकाशात होतं. ते नेमकं तिथेच निघालं. आम्ही चौघं बसलो. मी आणि गुरुजींनी बियर सांगितली. जिजी खुर्चीच्या काठावर येऊन बसल्या, नानांकडे रोखून. पोऱ्याने विचारलं, "दादा, आप?" नाना शांतपणे म्हणाले, "लिंबू सोडा."

जिजींचा विश्वास बसेना. सोडा आला, तो त्यांनी चाखून बघितला. मग हुश्श करून उठल्या, चपला काढल्या, आणि पाय ओले करून येते म्हणून हळूहळू पाण्याकडे गेल्या. लाटेपासून हातभर अलीकडे आमच्याकडे पाठ करून उभ्या राहिल्या.

बियर खरोखरच स्वस्त होती. गुरुजी पहिला घोट घेऊन म्हणाले, "मोहाच्या दारूपुढे हे म्हणजे औषधाचे पाणी. तथापि थंड आहे." मी नानांना म्हणालो, "काय नाना, अकरा वर्षं भाव विचारलात, आणि शेवटी लिंबू सोडा? मग बियर कशाला मधे आणलीत?"

नाना जिजींच्या पाठीकडे बघत होते. म्हणाले, "ती समुद्रले उनी नसती, सर. किल्लाले उनी नसती. मी पिसू म्हनताच उनी. तिले आनाले दुसरा रस्ता नव्हता."

मग त्यांनी सांगितलं. गुरुजींनी ग्लास खाली ठेवला.

जहाजावरच्या त्या मुलाचं नाव गुलाब. नाना आणि तो एकाच पाटीवर लिहायला शिकले. गुलाब आरमारात गेला, सुट्टीवर आला तेव्हा म्हसावदच्या एका मुलीशी त्याची सुपारी फुटली. म्हणजे सोयरीक पक्की. लग्न वैशाखात ठरलं होतं, लढाई त्याच्या आधीच्या थंडीतच झाली. ना देह आला, ना राख. मुलीच्या घरी बातमी कोण सांगणार? गुलाबचा बाप खाटेला खिळलेला. शेवटी एकवीस वर्षांचे नाना सायकल मारत म्हसावदला गेले. ओसरीवर ती मुलगी धान्य पाखडत होती. नानांनी बातमी तिच्या बापाला सांगितली, पण ऐकली तिनेही.

"पुढे दोन वरीस तिले कोनी पाव्हना उना नही," नाना म्हणाले. "लोक म्हनेत, पायगुन वाईट शे. सुपारी फुटताच पोऱ्या खाई टाका. मी घर सांगं, माले ती पोर करानी शे. माय रडनी. मी म्हनं, पायगुन मोजानी साखळी अजून निंघनी नही."

समोर जिजींनी साडी जराशी उचलून पाय लाटेत घातले होते.

"मग पुढे सगळं चांगलंच झालं की, नाना," मी म्हणालो. "मुलं मार्गी लागली, नातवंडं झाली."

"चांगलंच झायं. पन एक इचारू का, सर? आपलाकडे बाई कोनानं नाव घेत नही?"

"नवऱ्याचं."

"बराबर. मन्हं नाव सुपडू, म्हनून ती सूपले सूप म्हनत नही. पाखडनं म्हनस. आख्खी कॉलनी हासस. पन गुलाबजामले ती काय म्हनस?"

मला आठवलं. जिजी गुलाबजामला 'पाकना गोया' म्हणतात. अंगणातल्या गुलाबाला 'काटास्नं झाड' म्हणतात. दिवाळीत त्यांच्या हातचे ते पाकातले गोळे खाताना मी त्यावरून त्यांची थट्टाही केली होती. ती त्यांची बोलायची लकब आहे, असंच आम्ही समजत होतो.

"पन्नास वरीस झायात," नाना म्हणाले. "एकदाव बी ते नाव तिना तोंडमा उनं नही. बाई ज्याले नवरा मानस, त्यानंच नाव टाळस ना? मंग माले सांगा, मन्हा घरमा नवरा कोन?"

गुरुजी म्हणाले, "यावरून तुमचे कधी भांडण झाले नाही?"

"कोनासंगे भांडू? तो बिचारा समुद्रमा. ती बिचारी मन्हासंगे."

त्यांच्या आवाजात तक्रार नव्हती, हेच मला सहन झालं नाही. हा माणूस रोज सकाळी आमच्याबरोबर हसत फिरायला येत होता आणि आम्ही त्याला बियरवरून चिडवत होतो. पुढे त्यांनी सांगितलं, की जिजींना न्यायचं पहिल्या नकाशापासूनच मनात होतं, पण त्यांना बोटीत बसवायची छाती झाली नाही, म्हणून तो वळसा. आणि उद्या फक्त तिला त्या पाटीपुढे उभं करायचं. तिला निरोप घ्यायला तिथे कुणी कधी नेलंच नाही. रडली तर रडू दे. नाव घेतलं, तर गुलाब पुन्हा नानांचा मेलेला मित्र होईल. नाही घेतलं, तर तेही कळेल.

"कळून काय करणार?" मी विचारलं.

"काही नही. फक्त माहीत पाह्यजे."

जिजी परत आल्या. साडीचा काठ ओला झालेला. नानांचा सोडा तसाच राहिलेला बघून त्यांनीच तो पिऊन टाकला.

सकाळी लवकर स्मारकावर गेलो. जिजी माझ्या खांद्यावर हात ठेवून एकेक पायरी चढल्या. नाना पुढे गेले होते आणि तिथे काचेत ठेवलेल्या जहाजाच्या प्रतिकृतीपुढे उभं राहून गुरुजींना भराभरा इतिहास सांगत होते. पाणबुडी कुठून आली, पाणतीर कसा लागला, जहाज किती थोड्या वेळात बुडालं, कप्तान कसा जहाज न सोडता त्याच्याबरोबरच गेला. गुरुजींना हे सगळं आधी दहा वेळा सांगून झालेलं होतं. नाना बोलत होते ते केवळ न थांबण्यासाठी. आम्ही वर पोचलो तसे ते मधेच गप्प झाले.

नावांची पाटी होती. इंग्रजीतही आणि हिंदीतही. जिजींनी काही विचारलं नाही. आपण कुठे आलोय ते त्यांना कळलं होतं. मला वाटतं, घरून निघतानाच कळलं असावं. त्यांनी कमरेचा बटवा सोडून चष्मा काढला, पदराने पुसला, डोळ्यांवर चढवला आणि बोट लावून एकेक नाव वाचत खाली येऊ लागल्या. आम्ही तिघं रांगेत उभे. बोट एका ठिकाणी थांबलं.

"गुलाब," जिजी म्हणाल्या.

चांगलं मोठ्याने म्हणाल्या. पलीकडच्या गल्लीतल्या पोराला हाक मारावी तसं. मग मागे वळून नानांना म्हणाल्या, "हाऊ दखा. तुम्हना गुलाब. आठे शे."

नाना तिथेच खिळले. "तू नाव लिधं?"

"मंग? लिखेल शे ते वाचानं नही का?"

"पन्नास वरीस नही लिधं."

जिजींनी चष्मा काढला. जरा वेळ समुद्राकडे बघितलं. मग अगदी सरळ आवाजात म्हणाल्या, "लगीनना पहिला वरीसले एकदाव लिधं व्हतं. तुम्ही ताटवरथीन उठी गयात. भाकर तशीच ऱ्हायनी. मी म्हनं, याना जोडीदार गया, याले तरास व्हस. मंग नही लिधं."

"मी उठी गऊ?"

"उठी गयात. गोठामा जाईसन रडनात. मी दखं."

नानांना ते आठवत नव्हतं. मित्रासाठी आपण एकदा जेवणावरून उठलो आणि बायकोने त्यावर पन्नास वर्षं एक शब्द गिळला. तिने तो नानांसाठी गिळला आणि नानांनी त्याचा नेमका उलटा अर्थ लावून तो एकट्याने सोसला. दोघांनाही एकदा विचारायचं सुचलं नाही. एकमेकांना जपणाऱ्या माणसांच्या हातूनच असली चूक होते, दुसऱ्या कुणाला ती जमायची नाही.

जिजींनी पाटीला हात जोडले. थोडं रडल्या, नाक पुसलं. नानाही रडले. मग नाना एखाद्या लहान मुलासारखे पुढे झाले आणि म्हणाले, "मंग आते मन्हं बी नाव ले ना. एकदाव."

जिजींनी आमच्याकडे बघितलं. त्या वयात, त्या उन्हात, त्यांनी पदर कपाळावर ओढला आणि गोऱ्यामोऱ्या झाल्या.

"हट! तुम्हनं कसं लिसू? काही लाज शे का नही?"

नाना हसले. असं हसताना मी त्यांना कधी बघितलं नव्हतं. मग त्यांनी हात पुढे केला आणि भर दिवसा, चारचौघांत, जिजींनी तो धरला.

गुरुजींनी माझ्या कोपराला धरून मला वळवलं. म्हणाले, "सर, या बाजूचे दृश्य अधिक रमणीय आहे."

त्या बाजूला गाड्या उभ्या करायची जागा होती आणि एक नारळवाला. माझे डोळे भरून आले होते, त्यामुळे तेही नीट दिसत नव्हतं. ते रमणीय दृश्य बघत आम्ही दोघं बराच वेळ तसेच उभे राहिलो.